हयातीचा दाखला

नोव्हेंबर महिना आला की आमच्या बँकेत माणसं स्वतः जिवंत असल्याचं सिद्ध करायला येतात. पेन्शन घेणाऱ्याने वर्षातून एकदा हयातीचा दाखला द्यावा, असा नियम आहे. पूर्वी माणूस काऊंटरशी येऊन उभा राहिला आणि दोनदा खोकला की कारकुनाची खात्री पटायची. आता खात्री यंत्राची पटावी लागते. यंत्रावर अंगठा ठेवायचा. हिरवा दिवा लागला तर तुम्ही आहात. लाल लागला तर, समोर बसून तुम्ही कितीही बोलत असलात तरी, तुमच्याबद्दल शंकेला जागा आहे.

गेल्या नोव्हेंबरात आप्पांचा अंगठा सात वेळा नापास झाला. आप्पा म्हणजे आमच्या गावातल्या, आता पाडलेल्या टॉकीजचे जुने ऑपरेटर. पस्तीस वर्षं फिल्मची रिळं हाताळून बोटांवरच्या रेषा गेल्या, असं त्यांचं म्हणणं. मी त्यांचा अंगठा पुसून पाहिला, ओला करून पाहिला, शेवटी आमच्या शिपायाने आणलेली कोल्ड क्रीम लावून पाहिली. तेवढ्यात सर्व्हरच बसला. सर्व्हर बसला की आमच्याकडे गप्पांना बसायची पद्धत आहे.

"काय हो साहेब," आप्पा म्हणाले, "तुम्ही बँकवाले. दरोड्याचं पहिलं पिक्चर पाहिलंत का?"

मी म्हटलं, "शोले?"

आप्पांनी माझ्याकडे असं पाहिलं की आता माझ्याच हयातीबद्दल शंका यावी.

त्या रात्री जेवण झाल्यावर मी मुलाच्या मोबाईलवर ते पिक्चर पाहिलं. 'द ग्रेट ट्रेन रॉबरी'. साल १९०३. एडिसनच्या कंपनीसाठी एडविन पोर्टर नावाच्या माणसाने काढलेलं, जेमतेम बारा मिनिटांचं. हल्ली आमच्या एटीएमचं दार उघडायला याहून जास्त वेळ लागतो. गोष्ट साधी. चार दरोडेखोर स्टेशनवरच्या तारमास्तराला बांधून ठेवतात, गाडीत शिरतात, तिजोरी फोडतात, उतारूंना रांगेत उभं करून लुटतात, इंजिन पळवतात, घोड्यांवर बसतात आणि शेवटी मारले जातात. दाखवलेला मुलूख पश्चिमेकडचा, पण चित्रीकरण न्यूयॉर्कच्या स्टुडिओत आणि शेजारच्या न्यू जर्सीत. म्हणजे अलिबागला जाऊन राजस्थान दाखवावं त्यातला प्रकार.

माझं लक्ष मात्र एका प्रसंगावर खिळून राहिलं. टपालाच्या डब्यात पेटीची राखण करणारा एक कर्मचारी आहे. बाहेर दरोडेखोर आल्याची चाहूल लागताच तो पेटीला कुलूप लावतो आणि किल्ली धावत्या गाडीतून बाहेर भिरकावून देतो. मग गोळीबार, आणि बिचारा मरतो. दरोडेखोर सुरुंग लावून पेटी उडवतात. म्हणजे किल्ली गेली, पेटी गेली, माणूसही गेला. मी हे हिला दाखवलं. ही म्हणाली, "तुमच्यात असं कोणी करेल का?" मी म्हटलं, "किल्लीच्या रजिस्टरवर सही केल्याशिवाय किल्ली फेकताच येत नाही." ही झोपायला गेली.

या पिक्चरमध्ये एक उतारू आहे. रांगेतून निसटून तो कॅमेऱ्याच्या दिशेने पळत सुटतो आणि पाठीत गोळी खाऊन पडतो. पुढे नाचघराच्या प्रसंगात एका शहरी पाहुण्याच्या पायाशी गोळ्या झाडून त्याला नाचायला लावतात, तोही हाच. आणि दरोडेखोरांतही हाच एक, असं सांगतात. म्हणजे लुटणारा तो आणि लुटला जाणाराही तोच. आमच्याकडे व्हाऊचर करणारा आणि तपासणारा एकच निघाला तर चौकशी लागते. यांच्याकडे त्यातून पुढे इतिहास घडला, कारण हाच माणूस काही वर्षांत सिनेमाचा पहिला काऊबॉय नायक झाला. त्याचं नाव ब्राँको बिली अँडरसन.

खरं तर अँडरसनही नव्हे. जन्मनाव मॅक्स अ‍ॅरनसन. १८८० साली आर्कान्सामधल्या लिटल रॉक या गावी एका ज्यू कुटुंबात जन्मला. नटाचं वेड घेऊन न्यूयॉर्कला आला, नाव बदलून गिल्बर्ट अँडरसन झाला. नाटकात मिळेल ते काम कर, छायाचित्रकारासमोर निरनिराळ्या पोझमध्ये उभा राहा, असं करून पोट भरत होता. तेविसाव्या वर्षी तो पोर्टरसमोर उभा राहिला तेव्हा पोर्टरने विचारलं, घोड्यावर बसता येतं का? अँडरसन म्हणाला, येतं. नुसतं येतं नव्हे, आपला जन्मच खोगिरावर झाला असल्यासारखं काहीतरी त्याने सांगितल्याची हकीगत आहे.

पुढची हकीगत सांगणाऱ्यागणिक बदलते. कोणी म्हणतात, चित्रीकरणाच्या जागी जाताना घोड्याने त्याला वाटेतच खाली टाकलं. कोणी म्हणतात, तो घोड्यावर चुकीच्या बाजूने चढायला गेला आणि ते घोड्याला आवडलं नाही. त्या दिवशी घोडा आणि अँडरसन वेगवेगळे झाले, यावर मात्र सर्वांचं एकमत आहे. नोकरी टिकली. घोडदौडीऐवजी त्याला पायी मरायचं काम मिळालं आणि ते त्याने मन लावून केलं.

मला हा माणूस इथेच आपला वाटला. कारण मला चाकरीला लावून घेताना मुलाखतीत विचारलं होतं, "मोटारसायकल येते ना? खेड्यातली शाखा आहे, वसुलीला साहेबांबरोबर जावं लागेल." मी बी. कॉम. माणूस. घसारा काढायला शिकलो होतो, पण मोटारसायकलचा. मी म्हटलं, "येते." पहिल्याच वसुलीला मी साहेबांसकट एका थकबाकीदाराच्या उकिरड्यात गेलो. थकबाकीदाराने आम्हाला बाहेर काढलं, अंगावर पाणी ओतलं, चहा पाजला आणि हप्त्याला मुदतवाढ घेतली. साहेबांनी माझा गोपनीय अहवाल काय लिहिला ते गोपनीयच राहिलं. पण मी तिथे थांबलो. अँडरसन थांबला नाही, हा आमच्या दोघांतला फरक.

त्या बारा मिनिटांच्या पिक्चरवर लोक वेडे झाले. त्यात जस्टस बार्न्स नावाचा दरोडेखोरांचा म्होरक्या थेट प्रेक्षकांवर पिस्तूल रोखून गोळी झाडतो. हा तुकडा सुरुवातीला दाखवायचा की शेवटी, हे खेळ लावणाऱ्याच्या मर्जीवर सोडलेलं होतं. अँडरसनने प्रेक्षकांचा तो आरडाओरडा पाहिला आणि ठरवलं की धंदा म्हणतात तो हाच. मग दोन-तीन कंपन्यांत दिग्दर्शन, लेखन, अभिनय असं सगळं शिकून १९०७ साली शिकागोत त्याने जॉर्ज स्पूर नावाच्या गृहस्थाबरोबर कंपनी काढली. स्पूरचा 'एस', अँडरसनचा 'ए', दोन्ही मिळून 'एसनाय'. आपल्याकडे अशी नावं भाऊ-भाऊ वेगळे होईपर्यंत किराणा दुकानांवर दिसतात.

कामाची वाटणी सरळ होती. स्पूर शिकागोत बसून हिशेब पाहणार. अँडरसन माणसं आणि कॅमेरा घेऊन गावोगाव हिंडणार आणि पिक्चरं काढून रिळं पाठवणार. हिंडता हिंडता १९१२ साली तो कॅलिफोर्नियात नाइल्स नावाच्या छोट्या गावी थांबला. डोंगर, खिंड, रेल्वेमार्ग, ऊन, सगळं एका ठिकाणी. तिथे त्याने स्टुडिओ बांधला आणि चार वर्षांत त्या एका गावातून साडेतीनशेच्या आसपास छोटी पिक्चरं बाहेर पडली. माझ्या लेजरच्या सवयीने मी भागाकार करून पाहिला. आठवड्याला दीडच्या वर! आमच्या शाखेत आठवड्याला दीड कर्जप्रकरण मंजूर झालं तर विभागीय कार्यालयातून अभिनंदनाऐवजी चौकशी येईल.

आणि त्या सगळ्यांत गाजला ब्राँको बिली. या बिलीची गंमत अशी, की १९१० सालच्या 'ब्राँको बिलीज रिडेम्प्शन'मध्ये तो चक्क गुरंचोर आहे. पळून जाण्याची सोय झालेली असताना त्याला वाटेत एक आजारी मुलगी आणि तिचा बाप भेटतो. आता पळावं की पोरीला गावात न्यावं? गावात नेलं तर पकडला जाणार. तो नेतो. बस्स. दुष्ट माणूस, त्याच्या आत कुठेतरी चांगला माणूस, आणि त्याला बाहेर काढायला एक लहान मूल. एवढ्या भांडवलावर पुढे सिनेमाचे किती कारखाने चालले ते मोजायला आमच्या बँकेचा सगळा स्टाफ लावावा लागेल. पहिलं खातं मात्र याने उघडलं. त्याआधी पडद्यावर घोडे होते, पिस्तुलं होती, पण पुढच्या आठवड्यात पुन्हा ज्याला भेटायला जावं असा एक ओळखीचा चेहरा नव्हता. बिली तसा चेहरा झाला. चेहरासुद्धा काही राजबिंडा नव्हे. जाडसर नाक, भरदार अंग. एखाद्या सहकारी सोसायटीचा चेअरमन शोभावा असा.

बिली एका पिक्चरात मरायचा, दुसऱ्यात त्याचं लग्न व्हायचं, तिसऱ्यात तो फौजदार आणि चौथ्यात पुन्हा फरारी. मागच्या शिलकेचा पुढच्या पानाशी संबंध नाही. असं लेजर मी ठेवलं असतं तर आज मी हे लिहायला मोकळा नसतो. पण प्रेक्षकांनी कधी हरकत घेतली नाही. कालच मेला होता, आज लग्न कसं करतो, असं ते विचारत नसत. आला ना, मग झालं! 'ब्राँको बिली' या नावाची जवळपास दीडशे पिक्चरं निघाली. गोष्ट सुचवायची त्याने, दिग्दर्शन त्याचं, नायक तो. घोड्यावर बसायलाही तो दरम्यान शिकला, कामापुरता. ज्या माणसाकडे पाहून अमेरिकेतली पोरं घोड्याची स्वप्नं पाहत होती तो स्वतः घोड्याकडे जरा जपूनच पाहत असावा, असा माझा अंदाज आहे. उकिरड्यातून बाहेर आलेल्या माणसाला असे अंदाज बांधायचा हक्क पोहोचतो.

१९१४च्या अखेरीस अँडरसनने आयुष्यातला सर्वांत शहाणा व्यवहार केला. चार्ली चॅप्लिन नावाचा एक पंचवीस वर्षांचा पोरगा दुसऱ्या कंपनीतून सुटणार असल्याचं कळलं. अँडरसनने त्याला आठवड्याला १,२५० डॉलर आणि वर १०,००० डॉलर रोख असं कबूल केलं. कबूल केलं अँडरसनने, द्यायचे होते शिकागोतल्या स्पूरने, आणि स्पूरला तर हा चॅप्लिन कोण हेच धड माहीत नव्हतं! चॅप्लिन शिकागोला पोचला तेव्हा स्पूर लवकर भेटेचना. आता इथे माझी सहानुभूती जगाच्या विरुद्ध जाऊन स्पूरकडे आहे. फिरतीवरच्या साहेबाने बाहेर कोणाला तरी 'देऊ' म्हणून यायचं आणि हिशेबनिसाने व्हाऊचर कुठल्या खात्यात टाकायचं ते शोधत बसायचं, हे दुःख ज्याने भोगलं त्यालाच कळेल.

चॅप्लिन १९१५च्या सुरुवातीला नाइल्सला आला. आपल्याला न्यायला आलेला हा लखपती नट राहतो कुठे, तर एका भकास बंगलीत. लोखंडी पलंग, डुगडुगतं टेबल, वर उघडा दिवा. ही अवस्था पाहून आपण थक्क झालो, असं चॅप्लिनने पुढे आत्मचरित्रात लिहून ठेवलं. अँडरसनचं तिकडे लक्षच नसावं. चॅप्लिन तिथे काही महिनेच टिकला, पण तेवढ्यात 'द ट्रॅम्प' झाला. त्यात शेवटी तो भटक्या पाठमोरा, एकटा, धुळीच्या रस्त्याने चालत जातो आणि मध्येच खांदे उडवून चाल बदलतो, ती वाट नाइल्सजवळच्या खिंडीतली. दोघांनी एकमेकांच्या पिक्चरांत हजेरीही लावली. चॅप्लिनच्या 'द चँपियन'मध्ये मुष्टियुद्ध पाहायला आलेल्या गर्दीत जो एक जण फारच उत्साहात आहे, तो अँडरसन. जगातला एक नट दुसऱ्याचं काम पाहून इतका खूश झालेला मी प्रथमच पाहिला, मग तो अभिनय का असेना.

वर्ष संपल्यावर चॅप्लिन आठवड्याला १०,००० डॉलर आणि वर दीड लाख रोख घेऊन तिसऱ्याच कंपनीत गेला. आता त्याला ठेवून घ्यायचं तर काय द्यायचं, हा प्रश्न स्पूर आणि अँडरसन यांच्यात सुटण्यातला नव्हता. १९१६च्या फेब्रुवारीत नाइल्सचा स्टुडिओ बंद झाला. त्याच साली अँडरसनने आपला हिस्सा स्पूरला विकला आणि तो बाहेर पडला. वय छत्तीस. म्हणजे माझ्याहून लहान. या वयात आमच्याकडे माणसाला पहिली बढती मिळते, तीही बदलीच्या बोलीवर.

बाहेर पडून त्याने नाटकाच्या धंद्यात पैसे घातले. नाटकात घातलेले पैसे हे एक स्वतंत्र खातं आहे, त्यात जमेची बाजू छापलेलीच नसते. मग पुन्हा सिनेमाकडे वळावं म्हणून पाहतो तर खोगीर रिकामं नव्हतं. विल्यम हार्ट म्हणून एक गंभीर चेहऱ्याचे नट, पन्नाशीच्या उंबरठ्यावर सिनेमात आलेले, तेच चांगल्या-वाईट माणसाचं काम अधिक धीरगंभीरपणे करत होते. आणि पाठोपाठ टॉम मिक्स आला होता. हा अँडरसनच्याच वयाचा, पण खरोखर घोडा फेकणारा. भपकेबाज टोपी, चमकणारे कपडे, आणि टोनी नावाचा घोडा, जो स्वतःच नट होता. लोकांना आता पडणारा नको होता, उडी मारणारा हवा होता.

जाता जाता अँडरसन आणखी एक काम करून गेला. 'द लकी डॉग' नावाचं एक छोटं विनोदी पिक्चर त्याने काढलं. ते १९२१ साली बाहेर आलं. त्यात स्टॅन लॉरेल नावाचा नायक आहे आणि त्याला पिस्तूल दाखवून लुटणारा एक लठ्ठ गृहस्थ आहे. तो ऑलिव्हर हार्डी. पुढे ज्या जाड्या-रड्याने जग हसवलं ते दोघे एकत्र पडद्यावर आले ते प्रथम इथे. पण जोडी म्हणून ते जमायला अजून काही वर्षं जायची होती, आणि तोवर अँडरसन धंद्यातून बाजूला झाला होता. चॅप्लिनला त्याने आणलं, मोठा दुसऱ्यांनी केला. लॉरेल-हार्डीची गाठ त्याच्या पिक्चरात पडली, जोडी जमवली दुसऱ्यांनी. जन्मभर याने खाती उघडली आणि व्याज शेजारच्या बँकेत जमा झालं.

मग शांतता. बोलपट आले, रंग आला. मूकपटांची रिळं कोणी जपून ठेवली नाहीत. काही जळाली, काही कुजली. ब्राँको बिलीची बहुतेक पिक्चरं अशीच गेली. आमच्याकडे दोन वर्षं खात्यात व्यवहार नसला की ते खातं निष्क्रिय होतं, आणि दहा वर्षांनी शिल्लक रिझर्व्ह बँकेच्या फंडात जाते. अँडरसनचं खातं पस्तीस वर्षं निष्क्रिय होतं. १९४८ साली ऑस्करवाल्यांनी सिनेमाच्या आद्य मंडळींचा मानाचा पुरस्कार देऊन सत्कार केला. चौघांची नावं होती. त्यांत जॉर्ज स्पूर होते. 'एसनाय'मधला 'एस' आला, 'ए' राहिला. आता मघाशी स्पूरना दिलेली माझी सहानुभूती मी परत घेतो.

हे वाचताना मला उगीचच घशाशी आल्यासारखं झालं. माणूस मेलेला असला तर गोष्ट वेगळी, फोटोला हार घालून मोकळं होता येतं. हा तर जिवंत होता, कॅलिफोर्नियातच होता! रोज सकाळी उठत असेल, दाढी करत असेल, आणि रस्त्यातल्या पोरांच्या कमरेला खेळण्यातली पिस्तुलं पाहत असेल. काऊबॉय व्हायचं त्या पोरांचं वेड ज्याने प्रथम लावलं तो म्हातारा शेजारून चालला आहे, हे त्या पोरांना कोण सांगणार?

त्याला हयातीचा दाखला मिळाला तो १९५८च्या मार्चमध्ये. सिनेमा हे लोकांच्या करमणुकीचं साधन व्हावं म्हणून केलेल्या कामगिरीबद्दल मानाचा ऑस्कर. वय अठ्ठ्याहत्तर. घोड्यावरून पडल्याला चोपन्न वर्षं झाली होती. आणि एकदा खातं चालू झाल्यावर त्याने व्यवहारही करून दाखवला. १९६५ साली, पंच्याऐंशीव्या वर्षी, 'द बाऊंटी किलर' नावाच्या पिक्चरात तो क्षणभर दिसला. पिक्चर अर्थातच काऊबॉयचं. या वेळी बोलपट होता आणि रंगीतही. १९७१च्या जानेवारीत, नव्वद वर्षांचा होऊन, तो गेला. नाइल्सला आता मूकपटांचं संग्रहालय आहे, त्याच्या नावाने तिथे महोत्सवही भरतो.

दुसऱ्या दिवशी आप्पा पुन्हा आले. मी त्यांना हे सगळं उत्साहाने सांगितलं. आप्पा म्हणाले, "घोड्यावरून पडलेलं आम्हाला माहीत होतं. म्हातारपणी बक्षीस मिळालं हे नव्हतं माहीत." मग जरा थांबून म्हणाले, "अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी म्हणता? मग मला उशीर झाला म्हणायचा."

अंगठा आठव्यांदा लाल झाला. तेव्हा आमच्या शाखेतल्या नव्या मुलीने सुचवलं की हल्ली मोबाईलच्या कॅमेऱ्यात चेहरा दाखवूनही चालतं, फक्त कॅमेऱ्याकडे पाहून डोळे मिचकवायचे. आप्पांनी टोपी नीट केली. पस्तीस वर्षं ते झोताच्या मागे उभे होते, पुढे बसायची ही पहिली वेळ. मुलीने मोबाईल धरला आणि ती म्हणाली, "आजोबा, आता मिचकवा."

आप्पांनी डोळे मिचकवले. हिरवी खूण आली.

"झालं?" आप्पा म्हणाले. "एवढ्यातच? रीटेक नको?"